अवरेच्या दिवसांतलं हसू

यंदाही मार्गशीर्ष लागला आणि हेब्बाळकडच्या बैलगाड्या पेटेत येऊ लागल्या. गाडीवान पोत्याचं तोंड सोडायच्या आधीच वास येतो. अवरेकाईचा वास. पुण्याकडचे पाहुणे शेंग उचलून बघतात आणि म्हणतात, "अहो, हा तर आपला पावटा!" मी वाद घालत नाही. असेलही पावटा. पण बंगळूरच्या थंडीतलं दव त्या शेंगेवर पडतं, सालीला तेलकट चिकटपणा येतो, आणि त्यातून जो वास सुटतो त्याला इथे सोगडु म्हणतात. बोटांना लागला की दोन दिवस साबणाला दाद देत नाही. त्या वासाने आमच्या गल्लीत लहानथोरांना भूक लागते. मला मात्र राग येतो.

राग जुना आहे, बारा-तेरा वर्षांचा. चांगला मुरलेला आहे. एवढ्या काळात माझे केस गेले, चष्मा आला, कारकुनाचा हेडक्लार्क झालो, लग्न होऊन दोन मुलींचा बाप झालो. राग मात्र दर थंडीत नव्या पोत्यातून ताजा निघतो. तो कुणावर, असं विचाराल तर समस्त बायकांवर. आणि न्याय कुणाच्या बाजूने, असं विचाराल तर तोही त्यांच्याच. म्हणून तर जात नाही. माझी बाजू बरोबर असती तर मी केव्हाच मोठ्या मनाने विसरून गेलो असतो.

अवरेचं काम दोन दिवसांचं. आदल्या दिवशी शेंगा सोलून दाणे पाण्यात टाकायचे. दुसऱ्या दिवशी दुपारची जेवणं उरकली की परात मध्ये घेऊन बायका गोल बसतात. भिजून फुगलेला दाणा अंगठा आणि तर्जनीत धरायचा, स्वल्प दाबायचा, की आतली डाळ साल टाकून टुणकन बाहेर. काही परातीत पडते, काही शेजारणीच्या ओटीत. एकटीने करायचं म्हटलं तर संध्याकाळ होईल. म्हणून आज हिच्या मागच्या अंगणात, उद्या तिच्या. चिक्कपेटेमागच्या आमच्या गल्लीत अशा सात-आठ जणी होत्या, आणि थंडीचे दोन महिने रोज दुपारी कुठल्या ना कुठल्या अंगणातून हसणं उसळायचं.

त्या हसण्याचं मर्म मला फार उशिरा कळलं. एरवी आमच्या बायका हसत त्या तोंडाला पदर लावून. दात दिसू नयेत, आवाज ओसरीपर्यंत जाऊ नये, सासऱ्याच्या चपला वाजल्या की हसू गिळावं, हे त्यांना अक्षरं शिकण्याआधी शिकवलेलं असे. पण अवरे दाबताना दोन्ही हात चिकट. पदराला हात लावला तर पदराला सोगडु लागणार, मग धुणं वाढणार. तेव्हा पदर खांद्यावरच राहायचा आणि तोंड उघडं पडायचं. वर्षभर झाकून ठेवलेलं हसू त्या दोन महिन्यांत उघड्या तोंडाने हसून घ्यायचं, असा तो हंगाम. माझी आई तेवढी आवाज न करता हसे. फक्त तिचे खांदे हलत. बाकीच्यांचं काय विचारता! एकीचं हसणं कौलावर खडे टाकल्यासारखं, एकीचं उतू जाणाऱ्या दुधासारखं. एकजण आधी शिंकायची आणि मग हसायची.

आणि गल्लीतला कुठलाही पुरुष ते ऐकत जाताना आधी स्वतःच्या धोतराचा सोगा चाचपायचा. बायका हसतात म्हणजे आपल्यालाच हसतात, हा पुरुषाचा एक जन्मजात समज आहे. गंमत अशी की तो बहुतेक वेळा खरा असतो.

मी तेव्हा चोवीस वर्षांचा. राज्यांची नवी मांडणी नुकतीच झालेली, आणि आपण मराठी लोक आता नेमके कुठले यावर कॉफी क्लबात रोज वाद चालत. मी त्यात पडत नसे. आमच्या घराण्याने तो प्रश्न तीनशे वर्षांपूर्वी इथे येऊन सोडवला होता, आणि मी त्या क्लबाचा विनोदवीर होतो. वन-बाय-टू, म्हणजे एका कॉफीचे दोन पेले, घ्यायची, अर्धी आपण प्यायची, आणि पैसे देणाऱ्याला मोबदल्यात त्याच्याच साहेबाची नक्कल करून दाखवायची. दर संक्रांतीला समाजाच्या सभागृहात संध्याकाळचा तासभर माझ्या नकलांचा. डावीकडे पुरुष, उजवीकडे बायका. पुरुष हसत ते शेजारच्याकडे बघून, हसण्यासारखं आहे की नाही याची खात्री करून. बायका मात्र एकदम, खड्ड्यात चाक गेल्यासारख्या. माझी सगळी कीर्ती उजव्या बाजूवर उभी होती. हे मी कुणाला सांगितलं नव्हतं, स्वतःलासुद्धा नाही.

आता पेट्याकडे येतो. आमच्या गल्लीत एक पेटा होता. म्हैसुरी फेटाच तो, जरीचा, बांधून पक्का शिवलेला. किट्टण्णा शिंप्याकडे एका गोल पत्र्याच्या डब्यात असे. गल्लीतला कुठलाही मुलगा मुलगी पाहायला निघाला की तो पेटा त्याच्या डोक्यावर चढायचा. डोकं लहान असेल तर किट्टण्णा आत वर्तमानपत्राची घडी घालून देई, मोठं असेल तर म्हणे, "अण्णा, तासाभराचा तर प्रश्न आहे, सोसून घे." डाव्या कानावर जरीची तार जरा जळलेली होती, कुणाच्या तरी साखरपुड्यात निरांजन लागलं होतं. दुरून दिसत नाही, असं आम्ही सगळे मानत होतो.

शेजारच्या तुळसाक्काची भाची मल्लेश्वरला राहायची. कावेरी तिचं नाव. तुळसाक्का म्हणजे गल्लीतल्या बायकांची पुढारी. नवऱ्याच्या माघारी दोन मुलगे वाढवलेली, कुणाची भीड न ठेवणारी. बहिणीच्या या मुलीचं आपल्या गल्लीत जुळावं, असा तिने ध्यास घेतला होता. तिने मला बोलावलं आणि म्हणाली, "माणिक, रविवारी मल्लेश्वरला जाऊन ये. पोरगी मॅट्रिक झाली आहे. तुझी बडबड तीच ऐकून घेईल."

मी पेटा घालून गेलो. वर्तमानपत्राच्या दोन घड्या लागल्या.

कावेरी उप्पिट्टाच्या बशा घेऊन आली. नव्या अवरेचं उप्पिट्टु. बशी माझ्या हातात देताना तिने वर पाहिलं. माझ्या डोळ्यांकडे पाहील म्हणून मी ते खास तयार करून ठेवले होते. तिची नजर डोळ्यांवरून वर गेली, डाव्या कानावर आली, आणि तिथेच थांबली. तिचे ओठ घट्ट मिटले. नाकपुड्या फुलल्या. मग बशी तिने कशीबशी माझ्या मांडीवर ठेवली आणि हसली. उभ्या उभ्या, दार धरून, सबंध अंगाने. तिचे वडील "अगं, अगं" म्हणत राहिले. ती आत पळाली तर आतूनही तीन-चार जणींचं हसणं सुरू झालं.

मी हात धुवायला उठलो. मोरी स्वयंपाकघराला लागून. दाराआडून तिचा आवाज आला. हसण्यात बुडालेला, पण शब्द स्वच्छ. "अम्मा, मला त्या पेट्यालाच देऊन टाका. चौथ्यांदा आलाय बिचारा. डोकी बदलतात, पण त्याच्या मनात मीच आहे."

तुळसाक्काने आमच्या गल्लीतून माझ्याआधी तिघांना धाडलं होतं. तिन्ही वेळा पेटा तोच.

वाचकहो, तुम्ही हसलात. मीही आज लिहिताना हसतो. त्या दिवशी मोरीवर उभं राहून मला दरदरून घाम फुटला. गल्लीचा विनोदवीर मी. आणि माझ्यापेक्षा चांगला विनोद, माझ्याच डोक्यावर, एका मॅट्रिक मुलीने केला होता. तोही बसल्या बसल्या, एका वाक्यात, तयारी न करता. तिने नापसंत केलं असतं तर मी दोन दिवसांत सावरलो असतो. हे कसं सोसायचं?

मी सूड घ्यायचं ठरवलं. बसने परत येताना ठरवलं, आणि चिक्कपेट येईपर्यंत सूड तयारही झाला होता. कॉफी क्लबात गेलो आणि सांगितलं, "मुलगी हसते."

"म्हणजे?"

"म्हणजे हसते. कारण लागत नाही. माणूस दिसला की हसते." आणि मी ते हसणं करून दाखवलं. आधी जुना पंप ओढल्यासारखा एक खडखडाट, मग पाणी लागल्यासारखा घळघळाट, मग हिसका, की पुन्हा पहिल्यापासून. टेबलावरचे पेले हादरले. पेट्याबद्दल मी चकार शब्द काढला नाही. गोष्टीतून एक तेवढी वस्तू काढून घेतली, की मुलीचा विनोद जातो आणि मुलीचं वेड उरतं, हे मला नीट माहीत होतं. गोष्टी सांगणं हाच माझा धंदा होता.

दुसऱ्या दिवशी लोक ऐकायला आले. तिसऱ्या दिवशी मला न ओळखणारे आले. आठवड्याने कॉटनपेटेतला एक पोरगा तीच नक्कल माझ्यासमोर करून दाखवू लागला आणि म्हणाला, "मल्लेश्वरचं स्थळ आहे म्हणे." मी कौतुकाने ऐकून घेतलं. सूड इतका गोड लागतो की दात किडायची भीतीसुद्धा वाटत नाही.

पौष लागला. अवरे भरात आली. एका दुपारी ऑफिसला सुट्टी होती आणि मी घरी होतो. मागच्या अंगणात परात मांडलेली, आठजणी बसलेल्या. आतापर्यंत मी पाणी प्यायला गेलो तरी त्या मला हसत. "या नवरदेव," "पेटा कुठे विसरलात," असलं काहीबाही चाले. त्या दिवशी मी दारात उभा राहिलो आणि हसणं थांबलं. एकदम, जात्याचा खुंटा धरावा तसं. फक्त डाळ परातीत पडल्याचा टप टप आवाज. मी म्हटलं, "काय तुळसाक्का, आज उपास आहे की मौन?" कुणी वर पाहिलं नाही. आईनेसुद्धा नाही. मी पाणी न पिताच परत आलो.

संक्रांतीला सभागृह भरलं होतं. उजवीकडे चाळीसेक बायका, नव्या साड्या, मांडीवर एळ्ळु-बेल्लच्या, म्हणजे तिळगुळाच्या, पुड्या. मी बस कंडक्टर केला. डावीकडून हसू आलं, उजवीकडून काही नाही. मला वाटलं, आवाज पोचत नसेल. मी उजवीकडे सरकलो आणि औषधाच्या बाटलीवर पट्टी चिकटवणारा कंपाउंडर केला. हा माझा हुकमी एक्का. त्यावर गेल्या वर्षी एक बाई खुर्चीवरून घसरली होती. तीच बाई आज पहिल्या रांगेत बसून माझ्याकडे पाहत होती. घाटावर पिंडाला कावळा शिवायची वाट बघतात, तशी. एक तान्हं मूल खिदळलं. त्याच्या आईने त्याला पदराखाली घेतलं.

आता डावीकडचेही गप्प होऊ लागले. बायका हसत नाहीत म्हटल्यावर नवऱ्यांना आपापल्या घरची आठवण झाली. मग मी शेवटची, राखून ठेवलेली वस्तू काढली. पंपाचा खडखडाट. पाण्याचा घळघळाट. हिसका. सगळ्या सभागृहात माझं एकट्याचं ते खोटं बायकी हसणं भिंतींवर आपटून परत येत होतं. मी थांबलो तेव्हा तुळसाक्का उठली. तिने साडीच्या निऱ्या झटकल्या आणि शांतपणे बाहेर निघाली. तिच्यामागे दुसरी, तिच्यामागे तिसरी. चपला घालण्याचा आवाज मात्र पुष्कळ वेळ येत राहिला. चाळीस बायकांच्या चपला. आणि एकीलाही घाई नव्हती.

घरी आल्यावर मी आईला विचारलं, "झालं काय तुम्हाला?"

आई म्हणाली, "तुला सांगायला तुळसाक्का आहे. मी नाही सांगायची. मी बोलले तर रडेन, आणि तुझ्यापुढे रडायचं नाही असं आमचं ठरलं आहे."

ठरलं आहे! परातीभोवती माझा खटला चालून निकालही लागला होता.

मग मी उलट सूड घ्यायचं ठरवलं. तुम्ही हसत नाही ना? मी बोलणारच नाही. तीन दिवस मी घरात मुका राहिलो. जेवताना नुसता हात पुढे करायचो. चौथ्या दिवशी आई शेजारणीला सांगत होती, "दोन-तीन दिवस घरात कसं बरं वाटतंय. काय फरक झालाय कळत नाही." मी पुन्हा बोलायला लागलो. पण कोटी केली की तिच्या खांद्यांकडे बघायचो. खांदे जागेवरच. गल्लीत, नळावर, देवळात, हळदीकुंकवाच्या घरांपुढून जाताना, सगळीकडे माझ्या दिशेला तीच थंड परात. माणसाला वाळीत टाकतात तेव्हा पाणी तोडतात, आगटी तोडतात, असं ऐकलं होतं. माझं हसू तोडलं होतं. बाहेरून काही दिसत नव्हतं. दोन वेळचं जेवण वेळेवर मिळत होतं.

शेवटी मीच तुळसाक्काच्या ओसरीवर जाऊन बसलो. ती शेंगा निवडत होती.

"तुळसाक्का, चुकलं असेल तर सांगा."

"असेल?" तिने शेंगेची शीर ओढली. "ऐक. पंधरा दिवसांमागे कावेरीला बघायला लोक आले. कोलारकडचे. मुलाची आत्या होती बरोबर. आधी चार पावलं चालून दाखव म्हणाली. चालली. सुईत दोरा ओवून दाखव म्हणाली. ओवला. मग म्हणाली, आता हसून दाखव."

तिने दुसरी शेंग उचलली.

"हसून दाखव, ऐकू दे आम्हाला, नाव फार ऐकलंय, म्हणाली. आणि बरोबरचा एक मुलगा होता ना, त्याने खुर्चीवरून तुझी नक्कल केली. तो पंप. तुझी गोष्ट पार कोलारपर्यंत जाऊन बसली होती रे माणिक. पोरीने सुईदोरा खाली ठेवला. मग आत गेली. तेव्हापासून हसलेली नाही. तिचा बाप घरात कान लावून फिरतो, कुणी हसलं तर खेकसतो. माझी बहीण तोंड दाबून बसते. हसणारं घर होतं ते."

"मी जाऊन माफी मागतो."

"माफी नको. माफीला एवढासा वेळ लागतो. तू गोष्ट महिनाभर सांगितलीस." तिने शेंग फेकली. "लग्नाचं आमचं आम्ही बघू. जुळेल नाहीतर राहील, पोरगी काही खायला महाग नाही. पण तिचं हसू तू नेलंस, ते तू आणून दे. रविवारी ये. सगळी गोष्ट सांग. काढून घेतलेलं परत घालून."

"सगळ्यांसमोर?"

"मग काय, देवासमोर? देवाला माहीतच आहे."

रविवारी मल्लेश्वरला त्याच घरात, मागच्या अंगणात, परात मांडली होती. आमच्या गल्लीतल्या सगळ्या आल्या होत्या. कावेरीच्या वडिलांना फिरायला धाडून दिलं होतं. मला एका पाटावर बसवलं आणि पुढ्यात भिजलेल्या दाण्यांचं एक मोठं ताट ठेवलं. "हात चालू दे," तुळसाक्का म्हणाली. "रिकाम्या हाताने सांगितलेलं आम्ही ऐकत नाही."

मला दाणा दाबता येईना. जोर लावला की डाळीचा चिखल व्हायचा, नाही लावला तर दाणा निसटून बोळाकडे जायचा. तशात मी सुरुवात केली. पत्र्याचा डबा सांगितला. वर्तमानपत्राच्या दोन घड्या सांगितल्या. डोळे तयार करून ठेवले होते ते सांगितलं. जळकी जर, मोरी, दाराआडचं वाक्य. ते वाक्य मी तिच्या शब्दांत, जसंच्या तसं सांगितलं, कारण ते मला सुधारता येण्यासारखं नव्हतं. मग बसमध्ये काय ठरवलं तेही सांगितलं.

बायका हसल्या. इतक्या दिवसांचं साचलेलं सगळं हसल्या. शिंकणारी शिंकली. आईचे खांदे हलत होते आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. पुसायला हात मोकळा नव्हता. त्या हसण्यात माया नव्हती, भ्रमात राहू नका. प्रत्येकजण माझ्याकडे बघून, मला दिसेल असं, दात दाखवून हसत होती. माझ्या कुठल्याही नकलेला इतकं हसू कधी आलं नव्हतं. खरं सांगायचं तर त्या अपमानातही मी मनातल्या मनात जागा मोजून घेतल्या, कुठे किती हसू आलं त्याच्या. खोड जात नाही.

कावेरी तेवढी हसली नाही. ती माझ्या समोर बसली होती. तिची बोटं चालली होती, भराभर, आणि एकेक डाळ आख्खी निघत होती. गलका ओसरला तेव्हा ती म्हणाली, "चांगलं सांगता तुम्ही."

मी खाली पाहिलं.

"ते हसणं करून दाखवा ना. माझं."

"नको."

"का? सगळ्यांना दाखवलंत. मीच तेवढी राहिले. दुसऱ्याच्या तोंडून ऐकलं, तुमच्या नाही."

मी तुळसाक्काकडे पाहिलं. तिने परातीकडे पाहिलं. मग मी केलं. पंप, पाणी, हिसका. तिच्यापासून तीन हातांवर बसून, चिखलाने भरलेल्या बोटांनी. आणि करताना मला पहिल्यांदा ऐकू आलं की त्यात तिचं काहीच नाही. ती दार धरून हसली होती तेव्हा मी ऐकलंच कुठे होतं? मी माझा अपमान ऐकत होतो. महिनाभर गावाला मी तीच एक गोष्ट वाजवून दाखवली होती.

ती लक्ष देऊन ऐकत होती, गाण्याची परीक्षा घ्यावी तशी. "असं नाही हसत मी," ती म्हणाली.

"मग कसं?" हे मी कुत्सितपणे विचारलं नव्हतं. मला खरोखर जाणून घ्यायचं होतं.

"ते तुम्हाला ऐकवायचं नाही."

तेवढंच. तिने पुढचा दाणा उचलला. तुळसाक्का म्हणाली, "साकु, पुरे झालं. ऊठ आता. दुसरं अर्धं काम तुझ्या कॉफी क्लबात आहे."

मी हात न धुताच निघालो. चपला घालून फाटकापाशी पोचलो असेन, तोच मागे कावेरी काहीतरी बोलली. हळू आवाजात, एकच वाक्य. आणि मग ते अंगण असं फुटलं, की समोरच्या झाडावरचे कावळे उठले. आठजणींचं हसणं, आणि त्यावरून, त्यातून, मोकळी सुटलेली नववी. ती हसत होती. पंपासारखी नाही. कशासारखी ते मी सांगणार नाही. उपमा द्यायचा माझा अधिकार त्या दिवशी संपला.

मी फाटकाला हात लावून उभा राहिलो. ती काय बोलली? माझ्याबद्दल बोलली, हे नक्की. तुळसाक्काचा आवाज आला, "चपला घातल्यास ना रे? मग जा की!" आणि पुन्हा सगळ्या हसल्या.

कॉफी क्लबात मी सगळी गोष्ट सांगितली, पेट्यासकट. आठवडाभर, रोज, वन-बाय-टूसाठी नाही, फुकट. किट्टण्णा माझ्यावर उखडला; त्या पेट्याला मग कुणी डोकं द्यायला तयार होईना. "सरी, ठीक आहे; पण तुझं जुळलं नाही म्हणून गल्लीतल्या पोरांनी बोडकं जायचं काय?" म्हणाला. मी कावेरीला पुन्हा मागणी घातली होती, हे त्याला कुठून कळलं कोण जाणे. होय, घातली होती. नकार तुळसाक्काने आणला आणि सांगताना तोंडावर काही दिसू दिलं नाही. पुढच्या वर्षी कावेरीने म्हैसूरकडच्या एका शिक्षकाशी लग्न केलं. तो मुलगी बघायला उघड्या डोक्याने आला होता म्हणतात.

मला मात्र ते वाक्य हवं होतं. आईला विचारलं, ती म्हणाली, "आठवत नाही रे," आणि खांदे हलले. तुळसाक्काला दोन वर्षं विचारलं. मग माझं लग्न झालं. बायको परगावची, गल्लीत कुणाला ओळखत नव्हती; मला वाटलं, आता आपल्या बाजूचं एक माणूस आलं. पहिल्याच थंडीत ती परातीवर जाऊन बसली. दुपारी परत आली, माझ्याकडे बघितलं, आणि चुलीपुढे बसून एकटीच हसत सुटली. "काय सांगितलं त्यांनी?" "काही नाही हो." गेली दहा वर्षं ती वरणाला फोडणी देताना मधेच हसते, आणि मी विचारलं की म्हणते, काही नाही हो.

विचार करा. आयुष्यभर मी दुसऱ्यांच्या गोष्टी सांगून पोट नाही तरी मन भरलं. आणि या शहरात माझ्यावरची सगळ्यात चांगली गोष्ट फिरते आहे, मल्लेश्वरपासून चिक्कपेटेपर्यंत प्रत्येक परातीवर दर थंडीत ताजी निघते आहे, आणि ती मला माहीत नाही. चुगली नाही, शिव्याशाप नाही, भांडण नाही. एक वाक्य, आणि त्यावर पहारा करणाऱ्या एवढ्या सगळ्या बायका. एकीच्याही तोंडून बारा वर्षांत निसटलेलं नाही. आणि पुरुष म्हणतात, बायकांच्या पोटात काही राहत नाही.

काल माझी थोरली मुलगी चंपा पहिल्यांदा मोठ्यांबरोबर परातीवर बसली. नऊ वर्षांची आहे. मागच्या अंगणातून हसणं येत होतं. मी खोकलो. हसणं थांबलं, एक श्वास गेला, आणि दुप्पट झालं. मग चंपा आत आली. सुरकुतलेली ओली बोटं फ्रॉकला पुसत माझ्या शेजारी बसली आणि माझा चेहरा नीट न्याहाळू लागली.

मी वर्तमानपत्र खाली ठेवलं. "सांगितलं वाटतं तुला?"

तिने मान डोलावली.

"मग सांग की मला. हळूच सांग. आई आत आहे."

"नाही सांगायचं. मोठं झाल्यावर सांगायचं म्हणाल्या सगळ्या."

"अगं, झालीस की आता मोठी. परातीवर बसलीस ना आज?"

"मी नाही हो अण्णा," चंपा म्हणाली. "तुम्ही झाल्यावर."